वाशातला भुंगा, वांग्यावरचा भुंगा

रुईच्या फुलावर बसलेल्या जाडजूड, केसाळ, पिवळ्या पाठीच्या माशीचा फोटो काढून मोबाइलमधल्या ॲपला विचारलं, तर पुष्कळदा उत्तर येतं ‘बंबलबी’. मुलांच्या इंग्रजी पुस्तकातही तिचं चित्र असतं, गोल पोटाचं आणि पिवळ्या-काळ्या पट्ट्यांचं. निपाणी, चिकोडी, संकेश्वर, बेळगाव, खानापूर या पट्ट्यात राहणाऱ्यांनी हे उत्तर मनावर घेऊ नये. बंबलबी ही थंड हवेची माशी. भारतात तिच्या चाळीसहून अधिक जाती आहेत, पण त्या काश्मीर-हिमाचलपासून सिक्कीम-अरुणाचलपर्यंतच्या हिमालयात. आपल्या दख्खनच्या पठारावर किंवा सह्याद्रीत ती रानात सापडत नाही. बेळगावला लोक गरिबांचं महाबळेश्वर म्हणतात, पण बंबलबीला तेवढी थंडी पुरत नाही.

आपल्याकडे जो दिसतो तो भुंगा. कानडी बोलणारा शेजारी त्याला दुंबी म्हणेल. इंग्रजीत त्याला सुताराची उपमा देऊन नाव ठेवलंय आणि शास्त्रीय वंशनाम आहे ‘झायलोकोपा’. मधमाश्यांच्याच गणगोतातला हा जीव, भारतातल्या सगळ्या माश्यांत आकाराने सर्वांत मोठा. मोठ्या जातीची मादी तीन ते साडेतीन सेंटिमीटर भरते. मराठी वाचकाला त्याची खरी खूण सातशे वर्षांपासून ठाऊक आहे. शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली पूर्ण झालेल्या ज्ञानेश्वरीच्या पहिल्या अध्यायात, अर्जुन स्नेहात कसा गुंतला हे सांगताना जो भ्रमर येतो, तो कोरडं लाकूड पोखरू शकणारा आहे. मोहोळ बांधणारी कुठलीही माशी असं लाकूड पोखरत नाही. दृष्टान्त देणाऱ्याने घराचे वासे नीट पाहिले होते.

आता ओळखीकडे येऊ. सगळ्यात आधी एक गोंधळ मिटवायला हवा, कारण त्यात जीव जातात. कृषी खात्याच्या पत्रकात नारळावरचा ‘गेंडा भुंगा’ असतो, माडाचा गाभा पोखरणारा ‘सोंड्या भुंगा’ असतो, आणि त्यांना मारण्याचे उपाय दिलेले असतात. ते ढालकिडे आहेत. त्यांच्या पाठीवर टणक कवच असतं आणि कवचाच्या मधोमध सरळ उभी रेघ असते. खालचे पातळ पंख त्यात झाकलेले असतात. आपल्या भुंग्याला कवच नाही. त्याला चार पातळ पंख असतात, ते काळपट असतात आणि उन्हात तिरपे पाहिले तर निळे, जांभळे, हिरवे चमकतात. बसल्यावरही ते उघडेच दिसतात. पत्रकातल्या किडीचं औषध या जीवावर मारायचं काहीच कारण नाही.

बंबलबी आणि भुंगा यांतला फरक पाहायचा तर पोटाकडे बघावं. बंबलबीचं पोट वरूनही दाट लोकरीने झाकलेलं असतं. भुंग्याच्या मादीचं पोट वरून जवळजवळ उघडं, गुळगुळीत, काळंभोर आणि चकचकीत असतं. केस असतात ते कडांना आणि शेवटाला. दुसरी खूण मागच्या पायांवर. बंबलबीच्या मागच्या पायाला सपाट, चकचकीत खळगा असतो आणि पराग मधात कालवून त्याचा गोळा करून ती त्यात ठेवते. भुंग्याच्या पायाला नुसता दाट केसांचा ब्रश असतो, पराग त्यात कोरड्या पुडीसारखाच अडकतो. तिसरा फरक संसाराचा: बंबलबी उंदराच्या सोडलेल्या बिळात वगैरे राणी-कामकऱ्यांची वसाहत करते, भुंग्याची मादी आपलं घर एकटी कोरते.

जातींची नावं लावताना मात्र घाई नको. आपल्या भागात साधारण दोन प्रकार सहज वेगळे करता येतात. एक, नखशिखान्त काळा, पंखांवर निळी-हिरवी झळाळी असलेला मोठा भुंगा. यात ‘झायलोकोपा लॅटिपेस’ आणि ‘झायलोकोपा टेन्युइस्कापा’ या दोन मोठ्या जाती येतात आणि उडत्या मादीवरून त्या वेगळ्या करणं अनुभवी माणसालाही जड जातं. लॅटिपेसच्या नराचे पुढचे पाय मात्र रुंद, फिकट रंगाचे आणि लांब केसांची झालर असलेले असतात. फोटोत ते पाय आले तर ओळखीला मदत होते. दुसरा प्रकार जरा लहान: मादी काळी, पण छातीची वरची बाजू गर्द पिवळ्या केसांची. ही बहुधा ‘झायलोकोपा प्युबेसेन्स’. हिलाच ॲप बंबलबी ठरवतं. हिचा नर आणखी चकवतो, कारण तो सबंध पिवळसर, हिरवट झाक असलेल्या केसांचा असतो. नर-मादी एकत्र पाहूनही ते एकाच जातीचे आहेत हे पटत नाही. याशिवाय मैदानी, कोरड्या मुलखात ‘फेनेस्ट्राटा’ ही मध्यम आकाराची काळी जात आणि बोरूच्या किंवा बारीक बांबूच्या पोकळीत राहणारी ‘अमेथिस्टिना’ ही छोटी जात. चार्ल्स बिंगहॅम या लष्करी अधिकाऱ्याने १८९७ साली ब्रिटिश हिंदुस्थानातल्या माश्या-गांधीलमाश्यांचा जो ग्रंथ काढला त्यात या वंशाच्या जातींची वर्णनं आहेत आणि अभ्यासक अजूनही तो उघडतात.

पिवळ्या पाठीबाबत एक सावधगिरी. कृष्णकमळाच्या फुलात भुंगा मध प्यायला शिरतो तेव्हा वरचे परागकोश बरोबर त्याच्या पाठीला घासतात. त्यामुळे काळ्या भुंग्याचीही पाठ पिवळी दिसते. ते केस नव्हेत, पराग. फोटो मोठा करून पाहिला की कळतं. तसंच रुईवरून आलेल्या भुंग्याच्या पायांना, तोंडाला पिवळट मेणासारखे तुकडे चिकटलेले असतात. रुईचा पराग सुटा नसतो, पिशव्यांच्या जोडीने निघतो, आणि ती जोडी ओढून काढायला एवढाच धिप्पाड कीटक लागतो. आणि काही माद्यांच्या अंगावर बारीक फिकट किडे फिरताना दिसले तर रोग समजू नका. ते कोळीवर्गातले जीव आहेत. काही जातींच्या मादीच्या पोटात पुढच्या बाजूला त्यांच्यासाठी खास कप्पाच असतो, आणि एका बिळातून दुसऱ्या बिळात ते तिच्यासोबत मुक्कामाला जातात. निसर्गात भाडेकरू ठेवायची पद्धत नवी नाही.

ओळख झाली की पुढचा प्रश्न येतो: हा आपल्याला काय देतो? इथे थोडं थांबून वांग्याचं फूल हातात घ्या. मधोमध पिवळ्या परागकोशांचा शंकू असतो. बहुतेक फुलांत परागकोश उभा चिरतो आणि पराग बाहेर येतो. वांगं, टोमॅटो आणि बटाटा यांत पराग तसा मोकळा बाहेर येत नाही. वांग्याच्या आणि बटाट्याच्या प्रत्येक परागकोशाला टोकाशी बारीक भोक असतं, टोमॅटोचे परागकोश एकमेकांना चिकटून नळी होते आणि पराग तिच्या तोंडातूनच गळतो. मिठाच्या डबीसारखा प्रकार. हलवल्याशिवाय काही पडत नाही. या फुलांत मधही नसतो, त्यामुळे नुसतं बसून चाटून काही मिळत नाही.

भुंग्याची मादी काय करते ते पाहण्यासारखं आहे. ती शंकूला सहाही पायांनी कवटाळते, पोट फुलाकडे वळवते, आणि पंख न हलवता फक्त छातीतले उडण्याचे स्नायू जोरजोरात थरथरवते. आवाज एकदम बदलतो. उडतानाची जाड घूं घूं थांबते आणि वरच्या पट्टीतला आखूड, तुटक झंकार ऐकू येतो. त्या थरथरीने पराग भोकातून उडून तिच्या पोटावर पडतो, आणि पुढच्या फुलाच्या टोकाला लागतो. आग्या माशी किंवा सातेरी माशी ही युक्ती करत नाही. म्हणून वांग्याच्या रानात मधाच्या पेट्या ठेवून या फुलाचं नेमकं काम होईलच असं धरू नका. भुंग्याखेरीज हे जमतं ते निळ्या पट्ट्यांच्या लहान चपळ रानमाश्यांना आणि काही जमिनीत राहणाऱ्या माश्यांना. वांगं वाऱ्याच्या हलण्यानेही काही प्रमाणात फळतं हे खरं, पण असा झंकार झालेल्या फुलांना फळ धरण्याचं प्रमाण जास्त असतं आणि फळात बीही भरपूर येतं. बी नीट भरलं की फळ आकाराला चांगलं येतं.

म्हणून आपल्या रानात भुंगा आहे का हे तपासायचं तर डोळ्यांपेक्षा कान कामाला लावा. सकाळी ऊन वर आल्यावर वांग्याच्या किंवा टोमॅटोच्या सरीत उभं राहा, मोबाइल खिशात ठेवा. तो बदललेला झंकार ऐकू आला की समजा मजूर कामावर आहेत. एक मात्र लक्षात असू द्या. वांग्याच्या झाडावर काही फुलं आखूड दांड्याची असतात, म्हणजे स्त्रीकेसराचं टोक परागकोशांच्या खालीच राहतं. ती फुलं गळतातच. त्याचा दोष भुंग्यालाही नाही आणि औषधालाही नाही.

युरोपात हे काम विकत घ्यावं लागतं. काचघरातल्या टोमॅटोला पूर्वी माणसं हातात थरथरणारं यंत्र घेऊन फुलाफुलाला लावत फिरायची. १९८७ पासून बेल्जियम आणि हॉलंडमध्ये बंबलबीच्या वसाहती डब्यात वाढवून विकायला सुरुवात झाली. आपल्याकडे हिमाचलात, सोलनजवळ नौणीच्या उद्यानविद्या विद्यापीठात स्थानिक बंबलबी वाढवून हरितगृहात वापरण्याचे प्रयत्न झालेत. बेळगाव तालुक्यातल्या उघड्या भाजीच्या रानात तेच काम बिनपगारी होतं, आणि त्यामुळेच त्याची किंमत कुणाला वाटत नाही.

संकेश्वरची मिरची आणि निपाणीची तंबाखू वांग्याच्याच कुळातल्या, पण मिरचीचे परागकोश उभे चिरतात आणि तिथे इतर माश्याही काम भागवतात. तंबाखूचं फूल स्वतःच्या परागावर फळतं, शिवाय विडीच्या तंबाखूचे शेंडे खुडायचेच असतात, तेव्हा फुलाचा प्रश्नच मिटला. ताग मात्र निराळा. उसाआधी हिरवळीचं खत म्हणून तो गाडला जातो. पण बियाण्यासाठी राखला असेल, तर त्याचं फूल दाबून उघडायला जड माशी लागते. भुंगा नसेल तर शेंगा कमी धरतात. शेवग्यालाही त्याचा मोठा उपयोग आहे. तूर, पावटा, करंज, बहावा, गिरिपुष्प या सगळ्यांवर तो येतो. कधी कधी लबाडीही करतो: लांब नळीचं फूल असेल तर आत शिरायचे कष्ट न घेता देठाजवळ चीर पाडून मध पितो आणि पराग न शिवता निघून जातो.

आता तक्रारीकडे. कौलारू घर, पडवी, गोठा असलेल्या माणसाची एकच तक्रार असते: भुंगा वासे खातो. खात नाही, कोरतो. लाकूड त्याच्या पोटात जात नाही. वाशाच्या किंवा रिपेच्या खालच्या अंगाला एक-दीड सेंटिमीटर रुंदीचं, परकाराने काढावं इतकं गोल भोक दिसतं आणि जमिनीवर ताजा पिवळसर भुसा पडलेला असतो. भोक थोडं आत जाऊन काटकोनात वळतं आणि लाकडाच्या रेषेने सरळ चालतं. त्या बोगद्यात मादी परागाचा आणि मधाचा लाडू ठेवते, त्यावर एकच अंडं घालते, भुशाचा लगदा करून पडदा घालते, की पुढची खोली. एका बोगद्यात अशा मोजक्याच खोल्या. अंड्यातून पंखवाला भुंगा व्हायला साधारण दीड-दोन महिने लागतात, आणि नवी पोरं काही काळ आईच्याच घरात राहतात. पिल्लं इतकी कमी असल्यामुळे एक बीळ मेलं तरी आसपासच्या भाजीच्या रानाला ते जाणवतं.

वाळवीशी याची गल्लत करू नका. वाळवीने मातीच्या नळ्या केलेल्या असतात आणि लाकूड आतून पोकळ वाजतं. तिथे उपाय तातडीनेच हवा. भुंग्याच्या एकदोन भोकांनी घर खाली येत नाही. पण त्याच जागी वर्षानुवर्षं नवी पिढी जुना बोगदा वाढवत गेली, तर बारीक रिपा आणि वासे कमजोर होतात. हे टाळायचं तर भोकात रॉकेल किंवा पावडर ओतण्यापेक्षा लाकूड त्याच्या आवडीचं ठेवू नका. भुंग्याला सुकं, उघडं, रंग नसलेलं लाकूड हवं असतं. तेलरंग किंवा वॉर्निश लावलेल्या लाकडाकडे तो सहसा फिरकत नाही. म्हणून पावसाळ्यापूर्वी कौलं चाळता तेव्हाच वाशांना रंगाचा किंवा जवसाच्या तेलाचा हात द्या, विशेषतः कापलेल्या टोकांना. जुनी भोकं बुजवायची तर आत कुणी नाही याची खात्री करून. संध्याकाळी काडीने हळूच टोकावं. आत मादी असेल तर ती पोटाने दार अडवून गुरगुरते. रिकामं बीळ असेल तर लाकडाची खुंटी ठोकून वरून लांबी भरावी.

त्याच वेळी त्याला दुसरी जागा द्या. बुरुडाकडून दीड-दोन सेंटिमीटर आतल्या पोकळीचे बांबूचे हातभर तुकडे घ्या, एका बाजूला पेर राहील असे कापा, दहा-बारा एकत्र बांधा आणि गोठ्याच्या किंवा मळ्यातल्या खोपीच्या वळचणीला आडवे टांगा. पाऊस आत जाता कामा नये, सकाळचं ऊन आलं तर उत्तम. आंब्याचं, गुलमोहराचं किंवा शेवग्याचं वाळकं खोड बांधाला पडून असेल तर तेही चालतं. लगेच कुणी राहायला येईल अशी अपेक्षा धरू नका.

औषध मारण्याबद्दल थोडं कडक बोलायला हवं. वांग्यावर शेंडा आणि फळ पोखरणारी अळी पडते आणि हंगामात फवारणीवर फवारणी होते. अळीचा बंदोबस्त करावाच लागतो, कामगंध सापळे आणि कीड लागलेले शेंडे खुडून नष्ट करणं यांनी फवारण्या कमी होतात. पण जी फवारणी करायची ती सकाळी आठ वाजता, फुलं उघडलेली आणि भुंगा कामावर असताना करणं म्हणजे स्वतःच्याच पिकाचं नुकसान. दिवस मावळल्यावर करा. बांधावरच्या रुईवर, घाणेरीवर पंप उरलाय म्हणून रिकामा करू नका. भाजीला फूल नसतं त्या महिन्यांत भुंग्याची खानावळ तिथेच असते.

आणि चावतो का? दारात तोंडासमोर येऊन हवेत स्थिर उभा राहणारा, अंगावर धावून येतो असं वाटणारा भुंगा बहुधा नर असतो. तो आपला इलाखा राखतोय. त्याला नांगीच नसते. मादीला नांगी आहे, पण ती हातात धरली किंवा कपड्यात अडकली तरच डसते, आणि बिळावरून माणसाचा पाठलाग करत नाही. आग्या मोहोळ उठतं तसा प्रकार इथे कधीच होत नाही. डसल्यास थंड पाण्याची पट्टी पुरते. अंगावर गांधी उठल्या, ओठ सुजले किंवा श्वास लागला तर मात्र घरगुती उपाय करत न बसता थेट दवाखाना गाठावा.

रात्री दिव्यावर लालसर-तपकिरी केसांचा भुंगा आला तर त्याचा फोटो जरूर घ्या. तो ‘झायलोकोपा ट्रँक्वेबारिका’ असू शकतो, खरोखर रात्री काम करणारी माशी. पुणे जिल्ह्यातल्या भीमाशंकरच्या जंगलात हेमा सोमनाथन, रेने बोर्जेस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हिच्यावर अभ्यास केला. २००८ साली त्यांनी दाखवून दिलं की चंद्र नसलेल्या रात्री, नुसत्या चांदण्यांच्या उजेडात या माश्यांना रंग ओळखता येतात. त्या उजेडात माणसाला सगळं करडंच दिसतं.

फोटो काढताना वरून एक, बाजूने एक आणि जमल्यास समोरून तोंडाचा एक, असे तीन घ्या. पहाटे गारठ्यात भुंगा सुस्त असतो, तेव्हा हे सोपं जातं. गाव, तारीख आणि तो कुठल्या फुलावर होता हे लिहून आयनॅचरलिस्टसारख्या नोंदणीच्या ठिकाणी टाका. ओळख लावताना जातीची खात्री नसेल तर ‘झायलोकोपा’ एवढंच लिहून थांबा, पुढचं तज्ज्ञ बघतील. आणि यंदा ऊस तुटल्यावर बांध साफ करायला माणसं लावाल, तेव्हा वाळकं खोड सरपणाला ओढण्यापूर्वी त्याला गोल भोक आहे का ते एकदा पाहायला सांगा. भोक असेल तर तेवढं खोड जागेवर राहू द्या.